लोणच्याचे गणित

मेसचा महिन्याचा हिशोब मांडताना तांदूळ, डाळ, तेल, गॅस या सगळ्यांचा नीट अंदाज काढला जातो. लोणच्याची पाळी आली की मात्र "आणा चार डबे" एवढ्यावर काम भागतं. मग कधी २० तारखेलाच बरणीचा तळ दिसतो, तर कधी सुट्टीहून परत येईपर्यंत उरलेल्या लोणच्यावर बुरशी धरलेली असते. मित्रांनो, इंजिनिअरिंगचं मॅथ्स सोडवणाऱ्यांना हे गणित काहीच अवघड नाही. फक्त एकक बदलायला हवं. लोणचं विकत मिळतं किलोवर, पण संपतं चमच्यावर!

आधी चमचा मोजा

बरणीतला चमचा घ्या, नेहमी वाढतात तसे २० चमचे लोणचं एका वाटीत काढा, वजन करा आणि २० ने भागा. चहाचा चमचा असेल तर साधारण १० ग्रॅम येतील. मोठा चमचा असेल तर १५ ग्रॅमही सहज भरतील.

आता १६० मुलांची मेस धरू. दोन वेळची मिळून ३२० ताटं. त्यातली ६० टक्के मुलं लोणचं घेतात असं मानलं, तर १९२ वाढप झाले.

१९२ × १० ग्रॅम = रोज १.९२ किलो
३० दिवसांचे = ५७.६ किलो

डब्याला चिकटलेलं, सांडलेलं यासाठी ५ टक्के वाढवा. पूल बांधायचा नाहीये, एवढा फॅक्टर ऑफ सेफ्टी पुरे. झाले साधारण ६० किलो, म्हणजे १५ किलोचे ४ डबे. चमचा १५ ग्रॅमचा असेल, तर हाच आकडा ९० किलोवर जातो. म्हणजे ६ डबे! मुलं तीच, भूक तीच, फरक फक्त चमच्याचा.

६० टक्के हा आकडा मात्र आपापल्या मेसचा काढावा. आठवडाभर रोज सकाळी आणि रात्री बरणीचं वजन करा. एकाच दिवसावर विसंबू नका. खिचडीच्या दिवशी खप वाढतो, झणझणीत रश्श्याच्या दिवशी बरणीकडे कोणी बघत नाही.

पंगतीचा हिशोब वेगळा. तिथे लोणचं पानाच्या डाव्या बाजूला, वाढणाऱ्याच्या हाताने, थोडंसंच पडतं. माणशी ८ ग्रॅम धरले तर ४०० पानांना ३.२ किलो लागेल. ४ किलो आणलं तर मागून घेणाऱ्यांनाही पुरेल.

मोठा डबा खरंच स्वस्त का?

समजा, १ किलोचं पाकीट २०० रुपयांना आणि १५ किलोचा डबा २४०० रुपयांना मिळतो. डब्यात किलोला १६० रुपये पडले, म्हणजे फायदा. पण २० जणांच्या छोट्या मेसमध्ये याच हिशोबाने रोज २४० ग्रॅमच लोणचं खपतं. तो डबा संपायला दोन महिने लागतील. तेवढ्यात वरचं तेल उतरतं, फोडी उघड्या पडतात, कोणीतरी ओला चमचा घालतो आणि बुरशी येते. त्यातलं ३ किलो जरी टाकावं लागलं, तरी उरलेलं १२ किलो आपल्याला २०० रुपये किलोनेच पडलं. सगळी बचत गेली!

म्हणून उघडलेला डबा दोन-तीन आठवड्यांत संपेल, एवढाच घ्यावा. २० जणांना ५ किलोची बरणी बरोबर पुरते. डबा फोडला की लोणचं काचेच्या किंवा चिनी मातीच्या बरणीत काढावं, रोजच्यापुरतं छोट्या बरणीत घ्यावं, चमचा कोरडा ठेवावा आणि फोडी तेलाखाली दाबाव्यात.

आणि मीठ?

मिठावर टिकवलेल्या लोणच्यात ते किमान १२ टक्के असावं, असा आपल्याकडचा नियम आहे. म्हणजे १० ग्रॅमच्या चमच्यात १.२ ग्रॅम मीठ. दोन वेळा घेतलं की २.४ ग्रॅम. जागतिक आरोग्य संघटना मोठ्या माणसाला दिवसाला ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ खायला सांगते. त्यातला जवळजवळ अर्धा वाटा लोणच्यातच गेला.

तेव्हा मेस कमिटीने पुढची ऑर्डर देण्यापूर्वी एकच काम करावं. बरणीतला मोठा चमचा काढून चहाचा चमचा ठेवावा. पैसे वाचतील, मीठ कमी होईल, आणि भाजी बिघडलीच तर महिनाअखेरीलाही लोणचं शिल्लक असेल!