मागच्या पुठ्ठ्याचे स्क्रू

नरडाण्याच्या आमच्या घरात आबांची पत्र्याची पेटी अजून आहे. सातबाऱ्याचे उतारे, सोसायटीच्या पावत्या, कापसाच्या पट्ट्या आणि सगळ्यांच्या तळाशी एक छोटी वही. टपाल खात्याने दिलेला रेडिओचा परवाना. आत दर वर्षाचं एकेक तिकीट चिकटवलेलं, त्यावर पोस्टाचा गोल शिक्का. स्वतःच्या घरात गाणी ऐकायलाही सरकारचा परवाना लागायचा, हे शाळकरी वयात मला खरंच वाटेना. तेव्हापासून रेडिओच्या धंद्याबद्दल जे सापडेल ते वाचत आलो. रेडिओ कोणी बनवले, कोणी विकले, हे शोधता शोधता एका पुणेकर मंत्र्यापाशी पोचलो आणि तिथेच रेंगाळलो.

आधी परवान्याचं मूळ. 23 जुलै 1927 रोजी मुंबईत इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचं केंद्र सुरू झालं. कंपनी खासगी. तिची मुख्य मिळकत दोन वाटांनी यायची: 10 रुपयांच्या परवान्यातले 8 रुपये, आणि परदेशातून येणाऱ्या रेडिओ-सामानाच्या किमतीवर 10 टक्के. विक्रेते टक्केवारी चुकवत, ऐकणारे परवाना चुकवत. दीड किलोवॉटचं ते प्रक्षेपण साध्या क्रिस्टल सेटवर तीसेक मैलच पोचायचं. त्या सेटला वीज लागत नसे, पण कानाला हेडफोन लावावा लागे; आवाज एका माणसापुरता. सुमारे 300 किलोमीटरवरच्या आमच्या खानदेशाला त्यातलं काही मिळण्यासारखं नव्हतं. तीन वर्षांच्या आत कंपनी बुडाली आणि एप्रिल 1930 मध्ये सरकारने कारभार हाती घेतला. परवाना मात्र टिकला, थेट 1980 च्या दशकाच्या मध्यापर्यंत. शेवटी शेवटी त्याचे वर्षाला 15 रुपये पडत.

स्वातंत्र्यानंतर हा धंदा महाराष्ट्रात रुजला. ठाण्यात मर्फी, मुंबईत टाटांची नॅशनल एको म्हणजे पुढची नेल्को. फिलिप्सने 1959 मध्ये पुण्याजवळ रेडिओचा कारखाना काढला आणि 1965 पर्यंत भारतात बनवलेल्या तिच्या रेडिओंची संख्या 10 लाखांवर गेली. मर्फी हे नाव फ्रँक मर्फी या इंग्रज इंजिनिअरचं. 1929 मध्ये त्याने ई. जे. पॉवर यांच्याबरोबर कंपनी काढली, जाहिरातींत पाइप ओढतानाचा स्वतःचा फोटो छापला आणि 1937 मध्ये आपल्याच कंपनीतून बाहेर पडला. आपल्याकडे त्याचा चेहरा कोणाला ठाऊक नाही. आपल्याला आठवतं ते ओठांवर बोट ठेवलेलं गुटगुटीत बाळ.

पण हे रेडिओ गावोगाव खपायला एका भांडणाचाही हातभार लागला. ते भांडण बाळकृष्ण विश्वनाथ केसकरांचं.

डॉ. केसकर पुण्याचे, पॅरिसमध्ये शिकलेले, 1952 ते 1962 अशी दहा वर्षं देशाचे माहिती व नभोवाणी मंत्री. शास्त्रीय संगीतावर त्यांची निस्सीम श्रद्धा. 1952 मध्ये संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला, 1954 मध्ये आकाशवाणी संगीत संमेलन. संस्थानं विलीन झाल्यावर उघड्यावर पडलेल्या गवई-वादकांना आकाशवाणीचा आधार मिळाला, हे श्रेय त्यांच्या पदरात घालायलाच हवं. पण सिनेसंगीत त्यांना हीन वाटे. आकाशवाणीवर त्याचा वाटा घटला. गाण्यासोबत सिनेमाचं नाव सांगणं म्हणजे फुकट जाहिरात, म्हणून तेही बंद झालं. चिडलेल्या निर्मात्यांनी गाणी वाजवण्याची परवानगीच काढून घेतली.

गाणी थांबली नाहीत, फक्त समुद्रापलीकडे गेली. युद्धकाळात दोस्त सैन्यासाठी उभारलेल्या व्यवस्थेतून सिलोनला ताकदवान लघुलहरी प्रक्षेपक मिळाला होता. 1952 च्या अखेरीस रेडिओ सिलोनवर बिनाका गीतमाला सुरू झाली आणि अमीन सयानींचा आवाज घराघरांत शिरला. लघुलहरी वरच्या वातावरणावर आदळून शेकडो मैल पलीकडे उतरतात. म्हणूनच मुंबईच्या मध्यमलहरी ज्या खानदेशाला दुर्मीळ होत्या, त्या खानदेशात कोलंबो लागायचं. गिऱ्हाईक दुकानात येऊन पहिलं विचारी, ‘सिलोन लागतं का?’ रेडिओला शॉर्टवेव्हचा पट्टा हवा, हे कुठल्याही कंपनीच्या जाहिरातीपेक्षा या भांडणाने लोकांना पटवलं.

3 ऑक्टोबर 1957 रोजी विविध भारती सुरू करून आकाशवाणीने वाट बदलली. 1 नोव्हेंबर 1967 पासून मुंबई-पुणे-नागपूरच्या विविध भारतीवर जाहिरातीही आल्या. केसकरांचा हेतू स्वच्छ होता, असं माझं मत आहे. त्यांची चूक एकच: ऐकणाऱ्याच्या हातात खटका असतो, हे त्यांनी धरलं नाही. परवाना सरकारचा असला तरी काटा फिरवणारी बोटं आबांचीच होती.

ही बोटं आणखी एका गोष्टीवर हक्क सांगत. रेडिओच्या मागे भोकांचा पुठ्ठा असे, चार-सहा स्क्रूंनी बसवलेला. वीज नसलेल्या गावात व्हॉल्व्हच्या सेटला 90 व्होल्टची सुकी बॅटरी लागे, ती महाग. छपरावर तांब्याच्या जाळीची एरियल, जमिनीत अर्थिंगची तार. उन्हाळ्यात त्या तारेपाशी तांब्याभर पाणी ओतायचं. व्हॉल्व्ह गेला, कंडेन्सर फुटला, की सेट पाठीवर मारून बाजाराच्या दिवशी रेडिओ दुरुस्तीवाल्याकडे. तो पुठ्ठा उघडायचा, सोल्डरिंग आयर्नने डाख लावायचा आणि सेट पुन्हा दहा वर्षं बोलायचा. ट्रान्झिस्टर आले, बॅटऱ्या टॉर्चच्या सेलवर उतरल्या, रेडिओ बांधावर गेला. स्क्रू तेवढे राहिले.

आज ऐकणं पुन्हा क्रिस्टल सेटच्या काळासारखं एकेकट्याच्या कानात गेलं आहे. धंदा पुन्हा मुंबईतून मोठा झाला: 2016 पासून हेडफोन विकणारी ‘बोट’ ही कंपनी तिथलीच. आधी माल चीनहून येई. 2022 मध्ये डिक्सन या उत्पादक कंपनीबरोबर भागीदारी झाली आणि देशातलं उत्पादन वाढत गेलं. याचा मला आनंद आहे. आमच्या नरडाण्यालाही मुंबई-आग्रा रस्ता आहे, सुरत-भुसावळ रेल्वे आहे, औद्योगिक वसाहत आहे; असा कारखाना इथेही उभा राहू शकतो.

पण गेल्या वर्षी भाचीचे इअरबड्स दीड वर्षात बंद पडले. मी ते दुरुस्तीवाल्याकडे नेले. त्याने उलटसुलट पाहिले आणि परत दिले. आतली इवलीशी बॅटरी थकली होती, कवच डिंकाने चिकटवलेलं. उघडायचं म्हणजे मोडायचं.

जे उघडता येत नाही ते पूर्ण आपलं नसतं, असं मला त्या दिवशी वाटलं. आबांकडून सरकारने वर्षाला 15 रुपये घेतले, पण त्यांचा सेट त्यांचाच राहिला. भाचीला परवाना लागत नाही, तरी दर दीड वर्षाने तिला नवी किंमत मोजावी लागते. केंद्र सरकारने दुरुस्तीच्या हक्कासाठी जुलै 2022 मध्ये समिती नेमली, त्याच डिसेंबरात संकेतस्थळही सुरू केलं. पण मागणी गिऱ्हाइकाकडून यायला हवी. सिलोन लागतं का, असं विचारणाऱ्यांनी एकदा हा धंदा वळवला होता. या दिवाळीत हेडफोन घ्याल तेव्हा किंमत विचारण्याआधी दुकानदाराला एवढंच विचारा: याची बॅटरी बदलून मिळते का?