ऐकणाऱ्याला कोण ऐकते?

समुपदेशक व्हायला काय लागते, असे विचारले की आपल्याकडे तीन उत्तरे हमखास मिळतात. माणूस मुळात मायाळू हवा, त्याने चार पावसाळे जास्त पाहिलेले हवेत आणि, अलीकडची भर म्हणजे, त्याच्याकडे एखादे प्रमाणपत्र हवे. या तिसऱ्या उत्तराभोवती शनिवार-रविवारच्या वर्गांचे आणि ऑनलाइन डिप्लोमांचे मोठे दुकान थाटले गेले आहे. तिन्ही उत्तरांत तथ्य आहे, हे आधीच कबूल करतो. पण गेल्या ऐंशी वर्षांतला पुरावा शेजारी शेजारी मांडला, तर माया, वय आणि कागद मिळूनही चांगला समुपदेशक घडेलच असे दिसत नाही. तो घडतो स्वतःचे प्रत्यक्ष काम दुसऱ्याच्या कानावर घातल्याने, त्यातले चुकलेले ऐकून घेतल्याने आणि तेवढाच भाग पुन्हा करून पाहिल्याने. समुपदेशकाची मनोवृत्ती म्हणून जे काही शिकवले जाते, त्याच्या मुळाशी तपासून घेण्याची ही तयारी असते, असे माझे म्हणणे आहे.

या गोष्टीची सुरुवात एका यंत्राने झाली. 1940च्या सुमारास अमेरिकेतल्या ओहायो स्टेट विद्यापीठात कार्ल रॉजर्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी समुपदेशनाची सत्रे ध्वनिमुद्रित करायला घेतली. तबकडीची एक बाजू तीनेक मिनिटांत भरायची, मग दुसरी लावायची. तोपर्यंत बंद दाराआड काय घडले, ते जगाला कळायचे फक्त उपचारकाने नंतर आठवून लिहिलेल्या टिपणांतून. म्हणजे आरोपीनेच पंचनामा करावा तसे. 1942 साली रॉजर्स यांनी एका केसची सगळी सत्रे शब्दशः पुस्तकात छापली. त्याच वर्षीच्या एका लेखात त्यांनी एक अडचणीचे निरीक्षण नोंदवले. सल्ला देऊ नका, सूत्रे हाती घेऊ नका, असे पढवून तयार केलेले समुपदेशक सत्रात सल्ला देतच होते आणि आपण तो देतो आहोत याचा त्यांना पत्ता नव्हता. रेकॉर्डिंग ऐकल्यावर तो लागला. पुढे 1957 साली रॉजर्स यांनी मांडलेल्या अटींपैकी समानुभूती, विनाअट स्वीकार आणि सच्चेपणा या तिन्ही आपल्या प्रत्येक अभ्यासक्रमात पाठ करून घेतल्या जातात. तबकड्यांचा धडा मात्र बहुतेक ठिकाणी गाळला जातो. परीक्षेत त्यावर प्रश्न येत नाही, हे एक कारण असावे.

अनुभवाने माणूस सुधारतो, या समजुतीला तर आकड्यांनी चांगलाच धक्का दिला आहे. 2016 साली प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी अभ्यासात सायमन गोल्डबर्ग आणि सहकाऱ्यांनी 170 उपचारक आणि त्यांच्याकडे आलेली साडेसहा हजारांहून अधिक माणसे यांची नोंद तपासली. सरासरी पाच वर्षांच्या काळात उपचारकांचे निकाल सुधारले नव्हते. उलट कणभर घसरले होते. अनुभवी उपचारकांकडून माणसे अर्ध्यातून निघून जाण्याचे प्रमाण थोडे घटले होते, हेही सांगायला हवे, पण गुण येण्यात फरक नव्हता. आपण कसे काम करतो याचा अंदाजही या व्यवसायात फारसा विश्वासार्ह नाही. 2012च्या एका पाहणीत 129 मानसिक आरोग्य व्यावसायिकांना आपली तुलना इतरांशी करायला सांगितली, तेव्हा स्वतःला सरासरीहून खाली ठेवणारा एकही निघाला नाही. 2005च्या एका अभ्यासात उपचारकांना विचारले, की तुमच्याकडे येणाऱ्या 550 जणांपैकी किती जणांची अवस्था बिघडेल? त्यांनी तिघांची नावे दिली. प्रत्यक्षात 40 जणांची बिघडली.

ही माणसे आळशी किंवा बेफिकीर होती, असे यातून निघत नाही. कामाची रचनाच अशी आहे, की चूक चुकणाऱ्याकडे परत येत नाही. ज्याला बरे वाटले नाही तो पुढच्या खेपेला येत नाही, आणि न येण्याची शंभर कारणे असू शकतात. आपल्याकडे त्यात भिडेची भर. तासभर समोर बसलेल्या मॅडमना ‘काही उपयोग झाला नाही’ असे तोंडावर कोण सांगणार? ‘बरं वाटलं हं बोलून’ म्हणून माणूस उठतो आणि समुपदेशक तेवढ्यावर विश्वास ठेवतो. अशी वीस वर्षे गेली तर हाती राहते ती एकाच वर्षाची वीस वेळा केलेली उजळणी. बर्लिनमधल्या व्हायोलिनच्या विद्यार्थ्यांवर अँडर्स एरिक्सन यांनी 1993 साली केलेला अभ्यास प्रसिद्ध आहे. नुसते वाजवत राहणे आणि चुकणारी जागा हेरून तीच घोटणे यांत त्यांनी फरक केला. गाणाऱ्याला हे सांगावे लागत नाही. गुरूसमोर न बसता केलेल्या रियाजात बेसूरही पक्का होतो, हे त्याला ठाऊक असते.

आता मायेकडे वळू. तिच्या बाजूने पुरावा आहे आणि तो टाळण्यात अर्थ नाही. 1979 साली हॅन्स स्ट्रप आणि सुझन हॅडली यांनी व्हँडरबिल्ट विद्यापीठातल्या त्रस्त विद्यार्थ्यांना दोन गटांत वाटले. काहींना मुरलेल्या उपचारकांकडे पाठवले, तर काहींना विद्यार्थ्यांशी जवळीक असलेल्या प्राध्यापकांकडे. सरासरी निकालात फारसे अंतर पडले नाही. 2009 साली टिमथी अँडरसन आणि सहकाऱ्यांनी 25 उपचारकांना चिडलेल्या, घुम्या, अडून बसलेल्या माणसांच्या चित्रफिती दाखवल्या आणि तिथल्या तिथे त्यांना काय म्हणाल ते बोलायला लावले. या प्रतिसादांना मिळालेल्या गुणांवरून त्यांच्या खऱ्या निकालांचा अंदाज बांधता आला. पण इथे नीट पाहायला हवे. मोजली गेली ती मनातली माया नव्हे. समोरचा अंगावर येत असताना ती माया तोंडातून कशी बाहेर पडते, ते मोजले गेले.

कारण ताण आला की माया सल्ल्याचे रूप घेते. दहावीतला मुलगा म्हणतो, ‘माझ्याच्यानं काही होणार नाही.’ मायाळू माणसाच्या तोंडून आपसूक निघते, ‘असं काय बोलतोस? तू तर हुशार आहेस!’ हेतू चांगला आहे, पण मुलाला एवढेच कळते की आपली भीती इथेही कुणाला ऐकायची नाही. ‘सगळी दारं बंद झाल्यासारखं वाटतंय का?’ इतके साधे वाक्य उच्चारायला मात्र सराव लागतो, कारण त्यात आपली घाई गिळावी लागते. दारूच्या बाबतीत हे आणखी उघड दिसते. ‘सोडायची तर आहे, पण...’ असे म्हणणाऱ्यापुढे समुपदेशक सोडण्याची बाजू मांडू लागला, की त्या माणसाकडे वाद घालायला दारूचीच बाजू उरते आणि बोलता बोलता तो स्वतःलाच पटवत जातो. विल्यम मिलर यांनी 1983 साली मांडलेली प्रेरक मुलाखतीची पद्धत याच निरीक्षणावर उभी आहे. ती शिकवायची कशी, यावर मिलर यांनीच पुढे 140 व्यावसायिकांवर चाचणी केली. तिचे निष्कर्ष 2004 साली आले. कार्यशाळेने कौशल्य वाढले खरे, पण ज्यांना पुढे आपल्या ध्वनिमुद्रित कामावर अभिप्राय किंवा मार्गदर्शकाची साथ मिळाली, त्यांच्यातच ते टिकले. नुसत्या कार्यशाळेची नवलाई काही महिन्यांत ओसरली. दोन दिवसांच्या शिबिराची फी भरणाऱ्या प्रत्येकाला हा निष्कर्ष आधी वाचायला द्यावा.

या सगळ्याचे आपल्या मातीतले उदाहरण गोव्यात आहे. 1996 साली डॉ. विक्रम पटेल आणि सहकाऱ्यांनी स्थापन केलेल्या ‘संगत’ या संस्थेने प्राथमिक आरोग्य केंद्रांतल्या नैराश्याच्या रुग्णांसाठी स्थानिक, शालेय शिक्षण पुरे केलेल्या, पण मानसशास्त्राची पदवी नसलेल्या माणसांना तयार केले. तीनेक आठवडे वर्गातले शिक्षण, मग काही महिने उमेदवारी. उपचार सहा ते आठ सत्रांचा: टाळलेल्या, सोडून दिलेल्या कामांकडे माणसाला पावलापावलाने परत नेणारा. ‘लॅन्सेट’मध्ये 2017 साली प्रसिद्ध झालेल्या चाचणीत 495 रुग्ण होते. तीन महिन्यांनी समुपदेशन मिळालेल्यांपैकी 64 टक्के नैराश्याच्या उंबरठ्याखाली आले होते. नेहमीचेच उपचार मिळालेल्यांत हे प्रमाण 39 टक्के होते. बातमीत एवढे आले. बातमीत न आलेला भाग मला जास्त मोलाचा वाटतो. हे समुपदेशक नियमित एकत्र बसत, एकमेकांच्या सत्रांची रेकॉर्डिंग ऐकत आणि ठरलेल्या मोजपट्टीवर गुण देत. 2014च्या एका अभ्यासात असे दिसले, की सरावाने त्यांचे गुण तज्ज्ञांच्या गुणांशी बऱ्यापैकी जुळू लागले. या चाचणीने देखरेखीचा परिणाम वेगळा काढून दाखवलेला नाही, म्हणून सगळे श्रेय तिलाच देणे घाईचे होईल. तरी एवढा फरक पाडणारी ही माणसे पदवीशिवाय होती, पण तपासणीशिवाय नव्हती, हे विसरता येत नाही.

यावर पहिला आक्षेप गोपनीयतेचा येतो आणि तो वजनदार आहे. माणूस विश्वासाने बोलतो. त्याचे बोलणे यंत्रात भरायचे? त्याची लेखी संमती, नाव-गाव काढून टाकणे, ऐकून झाल्यावर फाइल पुसणे आणि ‘नको’ म्हटले तर तिथेच थांबणे, या अटी पाळल्याशिवाय रेकॉर्डिंग करूच नये. लहान गावात, जिथे आवाजावरून माणूस ओळखतात, तिथे जोड्या करून भूमिका वठवणे हा दुसरा मार्ग आहे. पण गोपनीयता येणाऱ्याच्या रक्षणासाठी असते. समुपदेशकाच्या चुका झाकायला तिचा आडोसा घेतला जात असेल, तर तो गैरवापर आहे.

दुसरा आक्षेप असा, की ही कला आहे, तिला मोजपट्टी कसली लावता? कला असेलही, समीक्षा तर कलेचीच अधिक होते. आणि मोजण्याने निकाल सुधारल्याचे उदाहरण आहे. कॅनडातल्या कॅल्गरीच्या एका समुपदेशन केंद्राने प्रत्येक सत्राच्या वेळी येणाऱ्याची अवस्था मोजायची, ती समुपदेशकाला दाखवायची आणि अडलेल्या केसवर सहकाऱ्यांशी चर्चा करायची, अशी शिस्त लावली. तिथल्या 153 समुपदेशकांच्या सात वर्षांच्या नोंदींत निकाल हळूहळू, पण खरोखर चढत गेले. हा अभ्यासही 2016चाच आणि गोल्डबर्ग यांचाच, म्हणून दोन्ही शेजारी ठेवून वाचण्यासारखे. अर्थात मोजमापाचा फायदा सगळीकडे सारखा मिळालेला नाही, आणि तक्ता भरणे हेच काम होऊन बसले तर तोटाच.

तिसरा प्रश्न व्यवहाराचा आहे. सरकारी रुग्णालयातल्या एड्स विभागात किंवा कौटुंबिक न्यायालयात एका खुर्चीवर दिवसभर केसेस घेणाऱ्या समुपदेशकाला रजिस्टर भरता भरता संध्याकाळ होते. त्याचे ऐकायला कोण बसणार? हा प्रश्न खरा आहे, पण तो समुपदेशकाला विचारण्याचा नाही, नेमणाऱ्याला विचारण्याचा आहे. 2021च्या संलग्न व आरोग्यसेवा व्यवसाय कायद्यात मानसिक-वर्तनविषयक व्यवसायांचाही समावेश आहे. नोंदणी आली की चर्चा पदवीच्या तासांभोवती फिरेल, अशी भीती वाटते. गोव्यातले ते गट तज्ज्ञाच्या कायम हजेरीवर अवलंबून नव्हते. आठवड्यातले दोन तास, चार सहकारी आणि एक फोन एवढ्यावर हे सुरू होऊ शकते, आणि ते तास पगारी वेळेत धरले गेले पाहिजेत.

तेव्हा अभ्यासक्रम निवडणाऱ्यांना विनंती, की प्रवेश घेण्यापूर्वी विचारा: माझी किती सत्रे कोणी ऐकणार आहे, आणि प्रमाणपत्र मिळाल्यावरही ऐकणार आहे का? स्वतःसाठी किंवा घरातल्या कुणासाठी समुपदेशक शोधणाऱ्यांनीही पदव्यांची पाटी वाचून झाल्यावर एक प्रश्न जरूर करावा. ‘तुमचं काम कोण तपासतं?’ चांगल्या समुपदेशकाला याचा राग येणार नाही.