नाशिकची नाटके आणि डॉ. श्रीराम लागू

मराठी रंगभूमीवर आणि चित्रपटात सारख्याच अधिकाराने वावरलेल्या नटांमध्ये डॉ. श्रीराम लागू (१९२७–२०१९) यांचे स्थान वेगळे आहे. त्यांचा जन्म साताऱ्याचा आणि शिक्षण पुण्याचे असले, तरी त्यांच्या रंगभूमीवरील कीर्तीचा पाया ज्या नाटकांनी घातला, त्यांपैकी महत्त्वाची नाटके नाशिकमध्ये राहणाऱ्या दोन नाटककारांची होती, आणि म्हणून सटाण्यापासून नाशिकपर्यंतच्या वाचकाला ही कारकीर्द परकी वाटण्याचे कारण नाही.

कान, नाक व घसा यांचे शल्यविशारद असलेल्या लागूंनी पुण्यात आणि टांझानियात वैद्यकी केली. दरम्यान भालबा केळकरांच्या प्रोग्रेसिव्ह ड्रामॅटिक असोसिएशनमध्ये, म्हणजे पोटासाठी नव्हे तर हौसेने नाटक करणाऱ्या मंडळींमध्ये, त्यांचा अभिनय घडत होता. १९६९ मध्ये त्यांनी चाळिशी ओलांडल्यावर वैद्यकी सोडून व्यावसायिक रंगभूमी पत्करली आणि या टप्प्यावरचे पहिले नाटक होते वसंत कानेटकरांचे ‘इथे ओशाळला मृत्यू’. कानेटकर नाशिकच्या महाविद्यालयात इंग्रजी शिकवत. पुढे त्यांच्याच ‘हिमालयाची सावली’मध्ये लागूंनी महर्षी धोंडो केशव कर्वे यांच्या जीवनावरून सुचलेले नानासाहेब भानू उभे केले.

१९७० मध्ये रंगमंचावर आलेल्या, नाशिकच्याच वि. वा. शिरवाडकरांच्या ‘नटसम्राट’ने मात्र सारे मोजमाप बदलले. शेक्सपिअरच्या ‘किंग लिअर’शी नाते सांगणाऱ्या या नाटकातला गणपतराव बेलवलकर हा निवृत्त नट आपली मिळकत मुलांना वाटून देतो आणि निराधार होतो, त्याची भाषा काव्यमय, स्वगते लांब आणि भावनेचे चढउतार टोकाचे असल्यामुळे लागूंनी केलेली ही भूमिका नटाच्या श्वासाची कसोटी पाहते. नाट्यशास्त्रात अभिनयाचे जे चार प्रकार सांगितले आहेत, त्यांतील शब्दोच्चार व स्वर यांवर उभा असलेला तो वाचिक, आणि ही कसोटी त्याचीच. त्यावर लागूंनी पुढे ‘वाचिक अभिनय’ हे स्वतंत्र पुस्तकच लिहिले, आणि ज्या माणसाने घशाच्या आतली रचना शस्त्र हाती घेऊन पाहिली होती, त्याने आवाजाचा विचार असा पद्धतशीर करावा, यात नवल नाही.

पण ‘नटसम्राट’च्या झळाळीने त्यांचे दुसरे, बहुधा अधिक धाडसाचे काम झाकोळले. त्याच १९७० मध्ये त्यांनी विजय तेंडुलकरांचे ‘गिधाडे’ दिग्दर्शित केले. त्यातील गर्भपात सूचित करणाऱ्या लुगड्यावरच्या लाल डागाला परिनिरीक्षण मंडळाने हरकत घेतली, तेव्हा तो डाग निळा समजावा असे प्रेक्षकांना सांगून प्रयोग झाले. गो. पु. देशपांडे यांच्या ‘उद्ध्वस्त धर्मशाळा’त त्यांनी चौकशीला सामोरा जाणारा डावा प्राध्यापक साकारला आणि तिथे बेलवलकरांची गर्जना औषधालाही नव्हती. एकाच दशकात अलंकृत आणि कोरडी अशा दोन्ही भाषा पेलणे फार थोड्यांना साधले.

चित्रपटात त्यांना मोठी ओळख दिली ती व्ही. शांताराम यांच्या ‘पिंजरा’ने (१९७२). गाव सुधारायला निघालेला मास्तर तमासगिरिणीच्या मोहात पडून उद्ध्वस्त होतो ही कथा जर्मन ‘द ब्लू एंजल’वरून (१९३०) आलेली असली, तरी यात्रेतला फड ठाऊक असलेल्या बागलाणच्या प्रेक्षकाला ती उसनी वाटणे कठीण. जब्बार पटेलांच्या ‘सामना’त (१९७५) निळू फुले यांच्या साखरसम्राटासमोर त्यांचा दारुडा, पण प्रश्न विचारणे न सोडणारा मास्तर उभा राहतो, अभिनयाची अशी जुगलबंदी मराठी पडद्यावर विरळाच. हिंदीत ‘घरौंदा’साठी त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले आणि ‘गांधी’त (१९८२) त्यांनी गोपाळ कृष्ण गोखले साकारले, बाकी शंभराहून अधिक हिंदी चित्रपटांनी त्यांना बहुतांशी वडील, वकील नि न्यायाधीश करून वाया घालवले.

विवेकवादी म्हणून त्यांनी ईश्वराच्या कल्पनेलाच निवृत्त करावे असे जाहीरपणे मांडले आणि अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीला साथ दिली. उतारवयात ‘सूर्य पाहिलेला माणूस’ या मकरंद साठे यांच्या नाटकात, अतुल पेठे यांच्या दिग्दर्शनाखाली, प्रश्न विचारल्याबद्दल विषाचा प्याला घ्यावा लागलेला सॉक्रेटिस त्यांनी केला. ती भूमिका त्यांच्या या मतांशी सर्वांत जवळची होती.