‘कुंकू’तील काकासाहेब

गेल्या दिवाळीत आमच्या जुईनगरच्या घरी तीन पिढ्या एकत्र बसून प्रभात फिल्म कंपनीचा १९३७ सालचा ‘कुंकू’ हा बोलपट पाहण्याचा योग आला. चित्र जुने, आवाज मधूनमधून खरखरणारा. तरी कोणी जागचे हलले नाही. शेवटी धाकट्या सूनबाईंनी मला विचारले, “मामंजी, हे काकासाहेब दुष्ट म्हणायचे की नाही?” त्या वेळी मी काहीतरी बोलून वेळ मारून नेली. परंतु प्रश्न मनातून गेला नाही, आणि त्याचे उत्तर शोधू जाता ती भूमिका करणाऱ्या नटाच्या चरित्राकडे वळणे प्राप्त झाले.

हा नट म्हणजे केशव त्र्यंबक दाते. रत्नागिरी जिल्ह्यातील आडिवरे येथे १८८९ साली त्यांचा जन्म झाला. संगीत नाटकांचा तो सुवर्णकाळ; ज्याच्या गळ्यात गाणे त्याच्या दारी लक्ष्मी, असा प्रकार होता. केशवराव मात्र गद्य नाटके करणाऱ्या महाराष्ट्र नाटक मंडळीत गेले. आरंभी त्यांच्या वाट्यास स्त्रीभूमिका आल्या. खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’तील त्यांच्या आनंदीबाईची आठवण जुनी माणसे पुढे कित्येक वर्षे काढीत. गाण्याचा आधार नाही, तेव्हा शब्द, दृष्टी आणि मुद्रा एवढ्याच भांडवलावर पाचशे माणसे रात्रभर जागी ठेवावयाची. ही शाळा कठीण खरी. पण तिच्यातून बाहेर पडलेला विद्यार्थी कोठेही अडत नाही.

१९३३ साली ‘नाट्यमन्वंतर’ ह्या संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ हे नाटक रंगभूमीवर आणले. मूळ कथा नॉर्वेच्या ब्यर्न्सन ह्या नाटककाराची, मराठी रूप श्री. वि. वर्तक ह्यांचे. स्वगते गेली, भरजरी पडदे गेले, स्त्रियांची कामे स्त्रियाच करू लागल्या. घरातली माणसे घरात बोलतात तशी बोलू लागली. ज्यांनी स्वतः लुगडे नेसून आनंदीबाई उभी केली, तेच केशवराव ह्या नव्या पद्धतीच्या उभारणीत अग्रभागी होते. आपल्याच हाताने आपली जुनी विद्या बाजूस ठेवणे किती जणांस साधते? आम्हा शिक्षकांस तर वीस वर्षांची टिपणे बदलावयाची म्हटली तरी जिवावर येते.

पुढच्याच वर्षी, १९३४ साली, प्रभातच्या ‘अमृतमंथन’मध्ये ते मराठी राजगुरू झाले, हिंदी आवृत्तीत ती भूमिका चंद्रमोहन ह्यांनी केली. तेथे क्रौर्याला उघड वाव होता. खरी कसोटी तीन वर्षांनी ‘कुंकू’त लागली.

ना. ह. आपटे ह्यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ ह्या कादंबरीवरून शांतारामबापूंनी हा बोलपट केला. वृद्ध विधुर वकील काकासाहेब नीरा नावाच्या तरुण मुलीशी लग्न करतात, तेही तिला फसवून. ती त्यांस पती म्हणून मान्य करीत नाही. जरठ-कुमारी विवाहाचा विषय आपणांस नवा नव्हता. देवलांच्या ‘शारदे’त (१८९९) भुजंगनाथ येऊन गेला होताच. परंतु भुजंगनाथास पाहून प्रेक्षक हसतो, आणि हसता हसता सुटतो. असला म्हातारा आपल्या घरात नाही, एवढी खात्री करून तो नाटकगृहाबाहेर पडतो. काकासाहेब ही पळवाट ठेवीत नाहीत. ते सुशिक्षित आहेत, घरंदाज आहेत, त्यांस लाजही वाटते. मोठे घड्याळ टोले देत असते, आणि फुटलेल्या आरशाच्या तुकड्यातुकड्यांतून त्यांचाच चेहरा त्यांची टर उडवितो.

भरताने अभिनयाचे आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक असे चार प्रकार सांगितले आहेत. ह्या बोलपटात भावना उठविण्यासाठी पार्श्वसंगीत वाजत नाही. आवाज येतात ते घरातले आणि रस्त्यातले. म्हणजे नटाचे उणे झाकावयास वाद्येसुद्धा नाहीत. उरतो तो सात्त्विक अभिनय. केशवरावांचे वय तेव्हा अवघे अठ्ठेचाळीस. हट्ट, मग राग, मग शरम, असे टप्पे ओलांडीत ते पत्नीकडे मुलीच्या नात्याने पाहू लागतात, आणि अखेर तिच्या सुटकेसाठी पत्र लिहून ठेवून आपला जीव देतात. हा शेवट मला स्वतःला पटत नाही. अपराध्याने मरून मोकळे होणे हे प्रायश्चित्त नव्हे. पण केशवरावांनी तो खरा वाटावयास लावला, हे कबूल केले पाहिजे.

ह्याच सुमारास जर्मनीत एमिल यानिंग्स नावाचा नट असाच रंगभूमीवरून चित्रपटात आलेला होता. बर्लिनमध्ये मॅक्स राइनहार्टच्या नाटकांतून तो तयार झाला. उत्कृष्ट नटाचे पहिले ऑस्कर पारितोषिक १९२९ साली त्यालाच मिळाले. ‘द ब्लू एंजल’मध्ये (१९३०) त्याने गायिकेच्या नादी लागून धुळीस मिळालेला शाळामास्तर रंगविला. आमच्या पेशाचा माणूस, म्हणून मला तो अधिकच झोंबला! त्याची कला थोर. पण पुढे ती त्याने नाझी राजवटीच्या प्रचारपटांस वाहिली, आणि १९४५ नंतर त्याला पडद्यावर काम मिळाले नाही.

केशवरावांचा मार्ग सरळ राहिला. १९४१ साली ‘शेजारी’त ते पाटील झाले आणि गजानन जागीरदार मिर्झा, ह्या दोन म्हाताऱ्यांची मैत्री, ताटातूट आणि धरणाच्या पुरातला एकत्र मृत्यू ज्याने पाहिला तो विसरत नाही. शांतारामबापूंच्या राजकमलमध्ये त्यांनी ‘भक्तीचा मळा’ दिग्दर्शित केला, ‘डॉ. कोटणीस’मध्ये वडिलांचे काम केले, आणि १९५५ साली ‘झनक झनक पायल बाजे’त नृत्यगुरू मंगल महाराज झाले. १९७१ साली ते वारले.

आता सूनबाईंच्या प्रश्नाकडे. माझ्या आजीची धाकटी बहीण, आमची मावशीआजी, चौदाव्या वर्षी पन्नाशीच्या बिजवराला दिली होती. विसाव्या वर्षी ती परत आली आणि जन्मभर आमच्याच घरी राहिली. मी महाविद्यालयात असताना दूरदर्शनवर ‘कुंकू’ लागला, तेव्हा ती दाराआड बसून सगळा पाहत होती. काकासाहेब पत्र लिहावयास बसले तेव्हा आमच्यातील कोणीसे रागाने म्हणाले, “बरे झाले!” मावशीआजी हळूच म्हणाली, “असे नको रे म्हणू. ह्यांना निदान समजले तरी.”

मग ती उठून निरांजन लावावयास गेली. हे सारे मी परवा सूनबाईंस सांगितले. त्या काही बोलल्या नाहीत. मावशीआजीचे एखादे छायाचित्र घरात आहे का, एवढेच त्यांनी विचारले. आम्ही दोघांनी जुनी ट्रंक उपसून पाहिली. सापडले नाही.