वनदेवता : रोमच्या आणि आपल्या

रोमन लोकांच्या देवमंडळातील ज्युपिटर, मार्स, जूनो ही थोर मंडळी इंग्रजी शिकलेल्या वाचकांस अपरिचित नाहीत. परंतु खुद्द रोमच्या शेतकऱ्याचा नित्य व्यवहार या बड्या दैवतांशी फारसा नव्हता. त्याची रोजची गाठ पडे ती रानातल्या देवांशी. गुरे चरावयास गेली, लांडगा आला, वाट चुकली, झाड तोडावयाचे झाले, की त्याच्या मुखी नाव येई ते फाउनुसचे अथवा सिल्व्हानुसचे. या दोघांची हकीकत सांगण्यास मी प्रवृत्त झालो याचे कारण असे, की ती वाचीत असता आपल्या मावळातल्या व कोकणातल्या देवरायांची आठवण झाल्यावाचून राहत नाही. आणि त्या देवरायांपुढे आज जो प्रश्न उभा आहे तो त्या रोमन देवांच्या नशिबी दीड हजार वर्षांपूर्वीच येऊन गेला.

फाउनुस हा कळपांचा व अरण्याचा देव. त्याचे विशेष असे, की तो दिसत नसे, ऐकू येई. निबिड रानात अवचित जो आवाज होतो, आणि ज्याचा उगम शोधूनही सापडत नाही, तो त्याचा. व्हर्जिल कवीच्या महाकाव्यात लातिनुस राजा संकटात पडतो तेव्हा अल्बुनेआच्या राईत जातो, बळी दिलेल्या मेंढ्यांची कातडी अंथरून त्यांवर निजतो, आणि रात्री त्यास फाउनुसचा शब्द ऐकू येतो. ज्यांनी ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील अरण्यानी सूक्त (१०.१४६) वाचले असेल त्यांस येथे थबकावेसे वाटेल. तो ऋषीही अरण्यदेवतेचे रूप वर्णीत नाही, आवाज वर्णितो. सायंकाळी रानात कोणी गाईस हाक मारल्याचा भास होतो, कोणी लाकूड तोडीत असल्यासारखे वाटते, गाडी करकरल्यासारखी वाटते. न नांगरता विपुल अन्न देणारी, मृगांची माता अशी ती देवता. आपण होऊन कोणास इजा करीत नाही. सहाच ऋचांचे हे सूक्त आहे. वैदिक कवींनी इंद्रावर अडीचशे सूक्ते रचली आणि अरण्यावर हे एकच. परंतु माझ्या मते पुष्कळ इंद्रसूक्तांहून ते सरस आहे.

फाउनुसचे देऊळ रोम शहरी तायबर नदीतल्या बेटावर इ. स. पूर्व १९४ साली प्रतिष्ठित झाले. मौज अशी, की ते बांधण्यास पैसा आला तो गुरे बाळगणाऱ्यांवर बसविलेल्या दंडातून! ज्यांचा देव त्यांच्याच खिशास चाट लावून त्याचे देऊळ. खेड्यात त्याचा उत्सव ५ डिसेंबरला होई. होरेस कवीने त्या दिवसाचे मोठे गोड चित्र काढले आहे: बैल मोकळे सुटलेले, मेंढरांस लांडग्याचे भय उरलेले नाही, आणि जन्मभर जमीन खणून कंटाळलेला मजूर त्याच जमिनीवर पाय आपटून नाचतो आहे. हाच कवी एकदा अंगावर कोसळणाऱ्या झाडाखालून वाचला, आणि वाचविले ते फाउनुसने असे त्याने लिहून ठेविले.

१५ फेब्रुवारीचा लूपरकालिया हा उत्सवही पुष्कळांच्या मते याच देवाचा. त्यात बोकड व कुत्रा बळी देत, आणि बोकडाच्या कातड्याच्या वाद्या घेऊन तरुण नगराभोवती धावत. वाटेत त्या वादीचा फटका ज्या स्त्रीस लागेल तिला मूल होईल अशी श्रद्धा होती. शेक्सपिअरच्या ज्युलियस सीझर नाटकात सीझर अँटनीला ‘धावताना कॅल्पुर्नियाला स्पर्श कर’ म्हणून सांगतो ते यामुळेच. आमच्या विद्यार्थ्यांस त्या वाक्याचा संदर्भ समजावून देताना मी नेहमी वाघोबाचे उदाहरण देत असे. लूपरकालिया या नावात लांडगा आहे. वाघबारशीस ठाणे जिल्ह्यातले वारली वाघोबास भजतात त्यातही गुरे व माणसे राखणे हाच हेतू आहे. ज्याचे भय त्यालाच रखवालदार नेमण्याची ही युक्ती दोन्हीकडे सारखी.

सिल्व्हानुसची गोष्ट निराळी. त्यास राज्याचे देऊळ नव्हते, पंचांगात उत्सव नव्हता, पुजारीवर्ग नव्हता. असे असूनही त्याच्या नावाचे एक हजाराहून अधिक शिलालेख सापडले आहेत, आणि ते कोरविणारे बहुतेक सामान्य लोक, त्यांतही दास व दास्यमुक्त पुष्कळ. तो रानाचा आणि शिवेचा देव. जमीन मोजणाऱ्यांच्या जुन्या ग्रंथात प्रत्येक शेतवाडीस तीन सिल्व्हानुस सांगितले आहेत: एक घरचा, एक गुराख्यांचा, एक शिवेवरचा. गावाच्या शिवेवर शेंदूर माखलेला म्हसोबा ज्याने पाहिला आहे त्यास या देवाची निराळी ओळख करून देण्याचे कारण नाही. केटो नामक कडव्या रोमन गृहस्थाने इ. स. पूर्व १६०च्या सुमारास शेतीवर जे पुस्तक लिहिले त्यात बैलांच्या आरोग्यासाठी रानात जाऊन करावयाचा नवस दिला आहे. दर बैलामागे पीठ किती, चरबी किती, मांस किती, मद्य किती, सारे मापून; पूजा स्वतंत्र माणसाने करावी वा दासाने, हरकत नाही; मात्र स्त्रीने ती पाहू नये.

त्याच पुस्तकातला दुसरा एक विधी मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. राईतली झाडे विरळ करावयाची असतील तर आधी डुकराचा बळी देऊन प्रार्थना करावी असे केटो सांगतो. कोणाची? तर तेथे जो कोणी असेल त्याची. तो देव आहे की देवी हेही प्रार्थना करणाऱ्यास ठाऊक नाही, आणि तसे तो स्पष्ट म्हणतो. पुढे जमीन खणावयाची झाल्यास दुसरा बळी, काम चालेल तोवर रोज विधी, आणि एक दिवस जरी खंड पडला तरी पुन्हा नवा बळी. केटो हा पैचा हिशेब ठेवणारा मनुष्य. म्हाताऱ्या दासास विकून टाकावे असा सल्ला देणारा. असल्या माणसासही नाव नसलेल्या देवतेची परवानगी घेतल्यावाचून राईत कुऱ्हाड घालवत नव्हती.

रोमजवळ देआ दिआ नावाच्या देवीची राई होती. तिच्या पुरोहितमंडळाच्या नोंदी दगडावर कोरलेल्या उपलब्ध आहेत. राईत लोखंड नेणे निषिद्ध. नोंद कोरण्यासाठी छिन्नी आत न्यावी लागली तरी प्रायश्चित्त. इ. स. १८३ साली देवीच्या देवळाच्या शिखरावर अंजिराचे झाड उगवले. ते काढणे तर प्राप्तच होते. तेव्हा मंडळींनी खाली उतरविणारी, तुकडे करणारी व जाळणारी अशा कामापुरत्या स्वतंत्र देवता योजून प्रत्येकीस बळी दिले. आमच्या पेठांतल्या जुन्या वाड्यांच्या भिंतीत पिंपळ उगवला म्हणजे घरात जी कुजबुज सुरू होते, मुंजाची आठवण निघते, कोणी भटजींस विचारून येतो, तिची येथे कोणास आठवण होईल. पिंपळाची मुंज लावणारे आपण रोमन पुरोहितांस हसू नये हे बरे.

आता आपल्या देवरायांकडे वळू. कोकणात देवराईतले झाड हवे असल्यास देवीस कौल लावतात. ओल्या पाषाणावर फुलाच्या पाकळ्या चिकटवावयाच्या. उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. कित्येक रायांत वाळलेली काटकी उचलण्यासही मनाई. याचा परिणाम असा, की भोवतीचे डोंगर उघडे पडले तरी या रायांत धूप, सातवीण, हिरडा, गारंबीचे प्रचंड वेल अजून आढळतात, आणि पुष्कळ ठिकाणी गावचा झरा नेमका राईतूनच निघतो. पवनेच्या खोऱ्यात अजिवलीस भेरली माडांची देवराई आहे. पुण्याच्या महाराष्ट्र विज्ञानवर्धिनीतील वा. द. वर्तक व माधव गाडगीळ यांनी १९७०च्या दशकात सह्याद्रीतल्या रायांचा पायी हिंडून अभ्यास केला, आणि ही प्रथा शेतीपूर्व काळातली असावी या दामोदर धर्मानंद कोसंबी यांच्या मतास त्याने पुष्टी मिळाली. कोसंबी पुण्यात लॉ कॉलेजच्या मागे राहत. भोवतीच्या टेकड्यांवर हिंडून गारगोटीची इवली हत्यारे वेचीत. त्यांचे ‘मिथ अँड रिअ‍ॅलिटी’ हे पुस्तक १९६२ साली निघाले.

रोमच्या वनदेवांचे पुढे काय झाले? पहिला आघात ग्रीक विद्वत्तेने केला. फाउनुस म्हणजेच ग्रीकांचा पॅन असे ठरले आणि त्यास बोकडाचे पाय व शिंगे फुटली. जो केवळ आवाज होता तो चित्र झाला. मग ख्रिस्ती धर्म आला. चौथ्या शतकाच्या शेवटी थिओडोसियस बादशहाने यज्ञबळी बंद केले, राया तुटल्या, आणि त्याच शिंगांची व खुरांची पुढे सैतानाच्या चित्रास भर पडली. तरीही लूपरकालिया टिकून होता, म्हणून ४९०च्या दशकात पोप गेलासियुसला त्याविरुद्ध पत्र लिहावे लागले. उरला तो देव पुस्तकात गेला. १७४६ साली लिनियसने स्वीडनच्या प्राण्यांवरील ग्रंथास फाउनुसच्या जोडीदारणीचे, फाउना हे नाव दिले, आणि आज प्राणिसृष्टीस सारे जग त्याच नावाने ओळखते. १९५० साली सी. एस. लुईसच्या बालकथेत बर्फात छत्री घेतलेला फॉन अवतरला. २००६च्या एका स्पॅनिश चित्रपटात तर तो चक्रव्यूहाचा रखवालदार आहे. नातवंडांस तो ठाऊक असतो, आजोबांस नसतो. ही कीर्ती काही लहान नव्हे. परंतु या कीर्तीने रोमजवळची एक राई वाचली असे झाले नाही.

आपल्याकडे वेताळाची कथा बरीच अशीच आहे. अकराव्या शतकात सोमदेवाने कथासरित्सागरात त्याच्या पंचवीस गोष्टी घातल्या, १८७० साली बर्टनने त्यांतल्या काही इंग्रजीत नेल्या, १९८५ साली दूरदर्शनवर विक्रमाच्या पाठीवर बसून तो घरोघर पोचला. पण फरक असा, की मूळचा वेताळ जागेवर आहे. वेंगुर्ल्याजवळ आरवलीस वेतोबा रात्री गावाची फेरी करतो म्हणून त्यास भल्यामोठ्या चामडी वहाणा वाहतात, आणि त्या झिजतात असे गावकरी सांगतात. पुण्यात त्याच्या नावाची टेकडी शहरातली सर्वांत उंच जागा आहे. तिच्या अंगावरून बालभारती ते पौड फाटा रस्ता व पोटातून बोगदे नेण्याच्या योजनांविरुद्ध २०२३ साली नागरिक मोठ्या संख्येने रस्त्यावर उतरले. त्यांत भाविक थोडे, सकाळी फिरावयास जाणारे फार. पण नाव वेताळाचेच होते.

मला खरी चिंता वाटते ती रस्त्यांहूनही देवळांची. देवराईतल्या उघड्या पाषाणास आता लाज वाटू लागली आहे. मुंबईस गेलेले चाकरमाने वर्गणी जमवितात, सिमेंटचे देऊळ होते, काळकाईची दुर्गा होते, संगमरवरी मूर्ती येते. आणि खर्चास कमी पडले तर राईतलीच जुनी झाडे विकली जातात. यात कोणाचा दुष्ट हेतू नाही, उलट भक्तीच आहे. शिवाय आम्ही पांढरपेशांनीच ‘अडाण्यांचे देव’ म्हणून नाक मुरडून ही लाज त्यांस शिकविली. पूर्वी देवीस छप्पर चालत नाही असे पुष्कळ गावांत मानीत. छप्पर घातलेच तर तिचा कोप होई. त्या समजुतीत राईच देऊळ होती.

राजस्थानातल्या ओरण नावाच्या रायांविषयी १८ डिसेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला. त्या मोजून, नकाशावर आणून, त्यांस वनाचा दर्जा द्यावा असे त्यात सांगितले आहे. मात्र सरकारी वनात कौल लावावयाचा तो कोणी आणि परवानगी द्यावयाची ती देवीने की अधिकाऱ्याने, याचे उत्तर गावोगाव निरनिराळे निघेल.