महाकाय ऑक्टोपसला हवं ते पाणी

ओहोटीला उलव्याच्या खाडीकाठचं खाजण उघडं पडतं, तेव्हा तिथं ऑक्टोपसच्या आवडीचं सगळं खाणं हजर असतं. चिखलात चिंबोऱ्यांची बिळं, शिवल्या, दगडांना चिकटलेली कालवं. तरीही जगातला सर्वांत मोठा ऑक्टोपस इथं राहू शकणार नाही. अडचण खाण्याची नाही, पाण्याची आहे.

हा प्राणी उत्तर पॅसिफिकचा. शास्त्रीय नाव एंटेरोक्टोपस डोफ्लायनी. जपान-कोरियापासून कामचाट्का, अलास्का आणि खाली कॅलिफोर्नियापर्यंत, किनाऱ्यालगतच्या खडकांपासून शेकडो मीटर खोलीपर्यंत तो सापडतो. पूर्ण वाढलेला ऑक्टोपस साधारण १५ ते ५० किलोंचा असतो. ७१ किलोंच्या एकाची नोंद आहे. हात पसरले की टोकापासून टोकापर्यंत ४ मीटर सहज भरतात. मादीच्या एकेका हातावर सुमारे २८० चूषक असतात आणि प्रत्येक चूषक पकडतो तसा चवही घेतो. अंगात हाड नाही. कठीण म्हणावी अशी एक चोचच, त्यामुळे चोच शिरेल एवढ्या फटीतून हे सगळं धूड आत जातं.

एवढं मोठं शरीर चालवायला प्राणवायू लागतो, आणि इथंच थंडीचा संबंध येतो. ऑक्टोपसला तीन हृदयं असतात. दोन कल्ल्यांसाठी, एक उरलेल्या शरीरासाठी. रक्त निळसर, कारण त्यात लोहाऐवजी तांबं असलेलं हिमोसायनिन असतं. आपल्या हिमोग्लोबिनच्या मानानं ते प्राणवायू कमी वाहून नेतं. ही उणीव थंड समुद्र भरून काढतो. १० अंश सेल्सिअसच्या समुद्राच्या पाण्यात लिटरमागे सुमारे ९ मिलिग्रॅम प्राणवायू विरघळू शकतो. २८ अंशांच्या पाण्यात, म्हणजे आपल्याकडच्या समुद्रात, जेमतेम साडेसहा. शिवाय पाणी उबदार असलं की शरीराची प्राणवायूची गरजही वाढते. पुरवठा कमी, मागणी जास्त. अरबी समुद्रात खोल गेलं तर पाणी गार मिळतं खरं, पण तिथं प्राणवायू फारच कमी असलेला जाड थर पसरलेला आहे.

थंडीमुळे आयुष्यही लांबतं. उष्ण समुद्रातले बरेचसे ऑक्टोपस वर्षभरात वाढून, वीण करून संपतात. हा महाकाय ३ ते ५ वर्षं जगतो. अंड्यातून बाहेर येतो तेव्हा तांदळाच्या दाण्याएवढा असतो. काही आठवडे प्लवकांबरोबर वाहत राहतो, मग तळाशी उतरतो आणि वाढतच जातो. सगळ्या प्राणिसृष्टीत मला याहून विलक्षण वाढ क्वचितच दिसते.

मादी अंडी घालते ती आयुष्यात एकदाच, पण हजारोंनी. कपारीच्या छताला अंड्यांच्या माळा टांगते. मग सहा-सात महिने तिथून हलत नाही. त्यांच्यावर पाण्याचा झोत सोडते, चूषकांनी ती साफ ठेवते, आणि या काळात काही खात नाही. पिल्लं बाहेर पडण्याच्या सुमारास ती मरते. हे केवळ उपासमारीनं घडत नाही. १९७७ साली जेरोम वोडिन्स्की यांनी दुसऱ्या एका जातीच्या माद्यांच्या डोळ्यांजवळच्या दृक्ग्रंथी काढून टाकल्या, तेव्हा त्या अंडी सोडून पुन्हा खाऊ लागल्या आणि जास्त जगल्या. मरणाची ही वेळ त्यांच्या शरीरातच ठरलेली असते.

उलव्याच्या बाबतीत आणखी एक अडचण आहे, आणि ती धाकट्या ऑक्टोपसांनाही चुकत नाही. पावसाळ्यात गाढी, काळुंद्री, कासाडी या नद्यांचं पाणी पनवेलच्या खाडीत येतं आणि खारेपणा झपाट्यानं घटतो. जिताडा किंवा निवट्या शरीरातल्या क्षारांचा तोल सांभाळून तग धरतात. ऑक्टोपसला ते जमत नाही. बाहेरचं पाणी जेवढं खारं, तेवढंच त्याचं रक्त. म्हणूनच गोड्या पाण्यात राहणारी ऑक्टोपसची एकही जात नाही.

खाडी संपून खरा समुद्र सुरू होतो तिथं मात्र आपले ऑक्टोपस आहेत. सिस्टोपस इंडिकस हा त्यातला माझ्या विशेष आवडीचा. लांब हातांचा, मऊ चिखलात बीळ करून राहणारा. हातांच्या बुडाशी, दोन हातांच्या मधल्या पडद्यात त्याला लहान लहान पिशव्या असतात. त्यांवरून हा गट ओळखला जातो. ट्रॉलरच्या जाळ्यात येऊन तो ससून डॉकच्या धक्क्यावर उतरतो.

मुंबईच्या खडकाळ किनाऱ्यांवरच्या डबक्यांतही ऑक्टोपस दिसतात. २०१७ पासून ‘मरीन लाइफ ऑफ मुंबई’चे स्वयंसेवक ओहोटीच्या फेऱ्यांत तिथल्या जीवांची नोंद करत आले आहेत. जायचं तर अमावास्या-पौर्णिमेच्या आसपासची मोठी ओहोटी धरावी. कपारीच्या तोंडाशी खेकड्यांची कवचं नि शिंपले पडलेले दिसले तर थांबावं, सावली पाण्यावर पडू देऊ नये, आणि हात आत घालू नये.