नऊ क्लब, एक विजेतेपद

सिमॉन क्येर सतरा वर्षं व्यावसायिक क्लब फुटबॉल खेळला. डेन्मार्क, इटली, जर्मनी, फ्रान्स, तुर्कस्तान आणि स्पेन या सहा देशांत तो नऊ क्लबांसाठी उतरला. एवढ्या प्रवासात त्याला एकच मोठं विजेतेपद मिळालं: एसी मिलानबरोबर २०२१-२२ चा इटालियन लीगचा किताब. त्या मोसमाचे शेवटचे साडेपाच महिने तर गुडघ्याच्या दुखापतीमुळे तो मैदानावरही नव्हता. असं असूनही गेल्या पंधरा-वीस वर्षांतल्या युरोपच्या मधल्या बचावपटूंमध्ये मला सर्वांत जास्त शिकवलं ते याच माणसाने, आणि हा लेख त्यासाठीच आहे.

जगभर त्याचं नाव झालं ते एका दिवसामुळे. १२ जून २०२१ रोजी कोपनहेगनच्या पार्केन स्टेडियमवर फिनलंडविरुद्धचा युरो स्पर्धेचा सामना सुरू होता. त्रेचाळिसाव्या मिनिटाला क्रिस्टियन एरिक्सन कोसळला. त्याच्याकडे सर्वांत आधी धावलेल्यांत कर्णधार क्येर होता. डॉक्टर पोहोचल्यावर सहकाऱ्यांना भोवती उभं करून कडं करणारा आणि मैदानात उतरलेल्या एरिक्सनच्या जोडीदाराला सावरणाराही तोच. सामना पुन्हा सुरू झाल्यावर त्रेसष्टाव्या मिनिटाला तो बाहेर आला. खेळत राहण्याची मनःस्थितीच उरली नव्हती. त्या वर्षी युएफाचा अध्यक्षीय पुरस्कार त्याला आणि वैद्यकीय पथकाला मिळून दिला गेला. बॅलन डी'ओरच्या यादीत तो अठरावा आला. या साऱ्याचा तो हक्कदार होताच. पण त्या दहा-पंधरा मिनिटांच्या प्रकाशात त्याची उरलेली कारकीर्द झाकोळून गेली याचं मला वाईट वाटतं. इतक्या शांत डोक्याचा माणूस एका संध्याकाळीत घडत नसतो. त्याला घडवलं आधीच्या चौदा वर्षांनी, आणि त्यातली बरीचशी वर्षं फार सुखाची नव्हती.

त्याचा जन्म २६ मार्च १९८९ चा, होर्सेन्सचा. लुंड या लहान गावाच्या क्लबात तो खेळायला लागला. वडील एफसी मिट्युलँड या क्लबात खेळाडूंच्या साहित्याची व्यवस्था पाहायचे. ईकास्ट आणि हेर्निंग या शेजारच्या दोन गावांच्या क्लबांचं १९९९ मध्ये विलीनीकरण होऊन मिट्युलँड उभा राहिला आणि २००४ मध्ये त्याने देशातली पहिली फुटबॉल अकादमी काढली. अकादमीच्या संस्थापकांपैकी एक, रास्मुस आंकरसेन, यांनी पुढे आपल्या पुस्तकात क्येरची गोष्ट सांगितली. पहिल्या तुकडीत एक जागा रिकामी होती. दुसरं कोणी नजरेत नव्हतं, म्हणून आपल्याच माणसाच्या मुलाला घेतलं. काही महिन्यांनी प्रशिक्षकांना सांगण्यात आलं, की यातले कोणते पाच पुढे जातील त्यांची नावं कागदावर लिहा. पाकिटं बंद करून ठेवली. काही वर्षांनी ती उघडली, तेव्हा क्येर लाखो युरोंना इटलीला विकला गेला होता आणि त्याचं नाव एकाही कागदावर नव्हतं.

ही गोष्ट प्रेरणादायी भाषणांत फार वापरली जाते. तिच्यातून मला वेगळीच गोष्ट दिसते. चौदा-पंधरा वर्षांच्या मुलांत आघाडीचा खेळाडू ओळखू येतो. त्याचा वेग दिसतो, चेंडूवरची हुकमत दिसते. बचावपटूचं खरं भांडवल म्हणजे धोका कुठून येणार याचा अंदाज, आणि तो अंदाज चुका करून, गोल खाऊन, वर्षानुवर्षं खेळूनच येतो. तेव्हा ते प्रशिक्षक नालायक होते असं मी म्हणणार नाही. त्यांना जे पाहायचं होतं ते त्या वयात तयारच झालेलं नसतं.

मिट्युलँडच्या पहिल्या संघात तो २००७ मध्ये आला आणि वर्षभरात गेलासुद्धा. डेन्मार्कमध्ये ही रीतच आहे. साठ लाखांच्या आतबाहेर लोकसंख्येचा देश, लीगमध्ये पैसा बेताचा; अंगात गुण दिसले की विशीच्या आत मुलगा परदेशी रवाना होतो. क्येर २००८ मध्ये सिसिलीतल्या पालेर्मोला गेला, सुमारे चाळीस लाख युरोंना. क्लबचे मालक माउरित्सिओ झाम्पारिनी प्रशिक्षक हाकलण्यासाठी प्रसिद्ध होते. दोन मोसमांत क्येरच्या डोक्यावर चार प्रशिक्षक आले. पण संघ उत्तम होता. पुढे कावानी आणि मिकोली, मधे कोवळा पास्तोरे, गोलात सिरिगू. २००९-१० मध्ये पालेर्मो पाचवा आला आणि चौथ्या क्रमांकाच्या साम्पदोरियापेक्षा दोनच गुण कमी पडल्याने चॅम्पियन्स लीग हुकली. वीस वर्षांचा डॅनिश मुलगा इटालियन लीगमध्ये मधल्या बचावात नियमित खेळतो, हे सोपं नाही. इटलीत बचाव शिकवला जातो तसा अजूनही इतर कुठे शिकवला जात नाही असं माझं मत आहे: शरीर कुठल्या कोनात ठेवायचं, पुढे कधी झेपावायचं, मागे कधी सरायचं. क्येरचा पाया तिथे घातला गेला. २००९ चा डेन्मार्कचा सर्वोत्तम फुटबॉलपटूही तोच ठरला.

मग त्याच्यावर किंमत चिकटली. २०१० च्या उन्हाळ्यात जर्मनीच्या वोल्फ्सबुर्गने त्याला सुमारे एक कोटी वीस लाख युरोंना घेतलं. वर्षापूर्वीच जर्मन लीग जिंकलेला हा क्लब होता, पण २०१०-११ मध्ये त्याची पार दैना उडाली. स्टीव्ह मॅक्लॅरेन फेब्रुवारीत गेले, एडिन जेको जानेवारीतच मँचेस्टर सिटीला विकला गेला होता, मोसमाच्या अखेरीस संघ सावरायला फेलिक्स मागाट परत आले. शेवटच्या दिवशी होफेनहाइमला ३-१ हरवून वोल्फ्सबुर्ग पंधराव्या क्रमांकावर तगला. एकवीस वर्षांच्या मुलाला तयार माल म्हणून विकत घ्यायचं, ढासळत्या संघात मधोमध उभं करायचं आणि वर्षभरात तो महाग पडला असा शिक्का मारायचा. यात अन्याय आहे. बचाव ही चौघांनी आणि गोलरक्षकाने मिळून चालवायची यंत्रणा असते. दर दोन महिन्यांनी मांडणी बदलली तर तिथे जगातला कोणताही बचावपटू वेंधळाच दिसेल.

पुढचं वर्ष रोममध्ये, लोनवर. एएस रोमाचे प्रशिक्षक लुइस एन्रिके होते, तेव्हा नवखे. मागची फळी मैदानाच्या मध्यापर्यंत पुढे नेऊन खेळायचा त्यांचा हट्ट होता. १६ ऑक्टोबर २०११ ची लाझिओविरुद्धची लढत मी क्येरच्या कारकिर्दीतला सर्वांत कडू दिवस मानतो. रोमा १-० ने पुढे होती. उत्तरार्धात गोलसमोर क्येरने ब्रोक्कीला पाडलं: पेनल्टी आणि लाल कार्ड एकदमच. हेर्नानेसने बरोबरी केली आणि अगदी शेवटच्या क्षणी क्लोजेने लाझिओला जिंकून दिलं. रोममध्ये शेजाऱ्याविरुद्धचा सामना हरण्याला कारणीभूत ठरलेला परदेशी खेळाडू सहसा तग धरत नाही. मोसमानंतर रोमाने त्याला ठेवून घेतलं नाही. बावीस-तेवीस वर्षांचा असतानाच युरोपच्या बाजारात त्याच्याकडे वाया गेलेला पैसा म्हणून पाहिलं जाऊ लागलं.

इथून तो सावरला कसा, हा माझ्या दृष्टीने या कारकिर्दीचा गाभा आहे, आणि तो फ्रान्समध्ये सापडतो. २०१३ मध्ये लीलने त्याला वोल्फ्सबुर्गने मोजलेल्या रकमेच्या मानाने किरकोळ किमतीत घेतलं. प्रशिक्षक रेने जिरार, गोलात नायजेरियाचा व्हिन्सेंट एन्येआमा, शेजारी मार्को बाशा. २०१३-१४ मध्ये या संघाने अडतीस सामन्यांत फक्त २६ गोल खाल्ले आणि तिसरा क्रमांक मिळवला. मधल्या काळात सलग अकरा लीग सामन्यांत त्यांच्यावर एकही गोल झाला नाही. एन्येआमा १,०६२ मिनिटं अभेद्य राहिला. गाएताँ युआरच्या फ्रेंच विक्रमापासून तो थोडक्यात दूर राहिला. वर्तमानपत्रांनी साहजिकच गोलरक्षकाचे फोटो छापले. एन्येआमाच्या समोरचं चित्र मात्र वेगळंच सांगत होतं. क्येर आता उगाच झेपावत नव्हता. पालेर्मोत तो चेंडूवर तुटून पडायचा. लीलमध्ये त्याने प्रतिस्पर्ध्याला जागा न देता थांबवून धरायला सुरुवात केली. त्याचा वेग कधीच फार नव्हता, म्हणून त्याने आधी पोहोचायची सवय लावून घेतली. चेंडू मिळाल्यावर उजव्या पायाने मैदानाच्या दुसऱ्या टोकाला टाकलेला लांब पास ही त्याची खूण झाली. केवळ फुटबॉल पाहायचं तर मला त्याचा हा मोसम सर्वांत आवडतो.

आपल्याला क्रिकेटची सवय. फलंदाजाच्या धावा मोजता येतात, गोलंदाजाचे बळी मोजता येतात. बचावपटूच्या खात्यात लिहायला काहीच नसतं. त्याने थांबवलेला गोल झालेलाच नसतो. म्हणून त्याच्याबद्दल लिहिताना त्याच्या संघांचे सामनेच उलगडून पाहावे लागतात. क्येरच्या बाबतीत योग असा, की एकाच मैदानावर, पाच वर्षांत, तीन वेगवेगळ्या क्लबांकडून तो उतरला. ते मैदान मँचेस्टर युनायटेडचं ओल्ड ट्रॅफर्ड.

पहिल्यांदा तो तिथे गेला फेनेरबाहचेकडून. २०१५ मध्ये इस्तंबूलचा हा क्लब मोठी नावं गोळा करत होता. त्याच उन्हाळ्यात रॉबिन व्हॅन पर्सी आणि नानीही आले. लीगमध्ये बेशिक्ताशच्या मागे दुसरा क्रमांक, म्हणजे करंडक पुन्हा हातचा गेला. ऑक्टोबर २०१६ मध्ये युरोपा लीगमध्ये ओल्ड ट्रॅफर्डवर ४-१ असा मार खाल्ला. मध्यंतरालाच ३-० झालं होतं. पण दोनच आठवड्यांनी इस्तंबूलमध्ये मार्टिन श्क्रटेलच्या जोडीने क्येर उभा राहिला आणि फेनेरबाहचेने युनायटेडला २-१ हरवलं.

दुसऱ्यांदा तो गेला सेव्हिया संघाकडून, १३ मार्च २०१८ रोजी. चॅम्पियन्स लीगच्या बाद फेरीचा पहिला सामना ०-० सुटला होता. क्येर आणि तरुण क्लेमाँ लाँग्ले यांच्यावर सगळी मदार होती, कारण समोर लुकाकू होता. चौऱ्याहत्तराव्या मिनिटापर्यंत कोंडी टिकली, मग बेन येदेरने चार मिनिटांत दोन गोल केले. लुकाकूने एक परत केला, पण उशिरा. सेव्हिया जिंकला आणि साठ वर्षांनी युरोपच्या या सर्वोच्च स्पर्धेत शेवटच्या आठांत पोहोचला.

तिसऱ्यांदा मिलानचा शर्ट होता. ११ मार्च २०२१, करोनामुळे ओस पडलेलं स्टेडियम. आमाद दियालोच्या हेडरने युनायटेड पुढे. सामना संपता संपता, नव्वद मिनिटं उलटून गेल्यावर, क्रुनिचच्या कॉर्नरवर क्येर उंच झेपावला. हेडर जवळच्या खांबाकडे गेला, गोलरक्षक हेंडरसनचा हात लागला पण चेंडू आत गेलाच. मिलानसाठीचा त्याचा हा पहिला गोल. घरच्या सामन्यात पोग्बाने गोल करून मिलानला बाहेर काढलं, हे खरं. तरी चार गोल खाऊन ज्या मैदानातून एकदा परतायला लागलं तिथेच पाच वर्षांच्या आत तो असा उभा होता, हे विसरता येत नाही.

मिलानला तो पोहोचला तो मात्र जवळपास नको असलेला माल म्हणून. सेव्हियाने २०१९ मध्ये त्याला लोनवर बर्गामोच्या अटालांटाला दिलं. तिथे गास्पेरिनी यांची मैदानभर माणसाला माणूस लावायची पद्धत होती. क्येर मोजकेच सामने खेळला. २२ डिसेंबर २०१९ रोजी याच अटालांटाने मिलानला ५-० धुतलं. काही आठवड्यांत मिलानने क्येरला उचललं, बदल्यात कालदारा बर्गामोला गेला. त्याच जानेवारीत झ्लाटान इब्राहिमोविचही मिलानला परतला. सगळे झ्लाटानबद्दल बोलत राहिले, आणि ते चूकही नव्हतं. पण प्रशिक्षक स्तेफानो पिओली यांच्या पोरसवदा संघाला मागून बोलणारा, हात करून फळी पुढेमागे सरकवणारा माणूसही हवा होता. क्येर ते काम करू लागला, आणि उन्हाळ्यात मिलानने त्याला कायमचा करून घेतलं, जेमतेम पस्तीस लाख युरोंना. २३ मे २०२१ रोजी, मोसमाच्या अखेरच्या दिवशी, बर्गामोत अटालांटाला २-० हरवून मिलान दुसरा आला आणि सात वर्षांनी चॅम्पियन्स लीगमध्ये परतला. मधे टोमोरीच्या जोडीला क्येर होता. अटालांटाने दीड वर्षापूर्वी सोडून दिलेला खेळाडू त्यांच्याच घरी एकही गोल होऊ न देता परतला. बाजाराने लावलेल्या किमतीला याहून चोख उत्तर मला माहीत नाही.

मग १ डिसेंबर २०२१. जेनोआमधला सामना, त्यांचे प्रशिक्षक मिलानचेच जुने दैवत आंद्रे शेवचेन्को. सुरुवातीच्या मिनिटांतच चेंडू काढताना क्येरच्या गुडघ्याचा लिगामेंट फाटला आणि स्ट्रेचरवरून त्याला बाहेर न्यावं लागलं. मोसम संपला. त्याच्या जागी पिएर कालुलू स्थिरावला. मूळचा बाजूचा बचावपटू, वय एकवीस. कालुलू आणि टोमोरी यांनी वसंतात जवळपास काहीच आत सोडलं नाही, आणि २२ मे २०२२ रोजी सास्सुओलोला ३-० हरवून मिलानने अकरा वर्षांनी किताब घेतला. क्येरचे त्या मोसमातले लीग सामने अकरा. यावरून त्याचा वाटा लहान होता असं म्हणणारे आहेत. मी त्यांच्याशी सहमत नाही. टोमोरी पुढे धावून चेंडू हिसकावतो तेव्हा मागची जागा कोणीतरी भरायची असते, आणि ही जोडी कशी चालते याचा पाठ चेल्सीहून आल्यानंतरच्या वर्षभरात त्याला मिळाला तो क्येरच्या शेजारी खेळून. पण कालुलूचं श्रेयही कोणी काढून घेऊ नये. त्याने ते कमावलं.

तेहतीस-चौतिसाव्या वर्षी असा गुडघा घेऊन पुन्हा वरच्या पातळीवर येणारे बचावपटू थोडेच. क्येर आला. एप्रिल २०२३ मध्ये चॅम्पियन्स लीगच्या उपांत्यपूर्व फेरीत मिलानने त्या वर्षीच्या इटालियन विजेत्या नापोलीला बाहेर काढलं, तेव्हा दोन्ही सामन्यांत तो मधे होता. डेन्मार्ककडून त्याने पीटर श्मायकेलचा सर्वाधिक सामन्यांचा विक्रम मागे टाकला आणि १३२ सामन्यांवर थांबला. मिलानमध्ये शेवटचा मोसम दुखण्याखुपण्यांचा गेला. २५ मे २०२४ रोजी सालेर्नितानाविरुद्धच्या सामन्यानंतर त्याला, सहकारी जिरूला आणि पिओली यांना मिलानच्या सान सिरो मैदानाने एकत्रच निरोप दिला. नवा क्लब त्याने घेतला नाही आणि २०२५ च्या सुरुवातीला निवृत्ती जाहीर केली. मिलानकडून त्याचे सामने भरले १२१, आधीच्या आठांपैकी कुठल्याही क्लबपेक्षा जास्त.